उन्हाने पाणी फुटते का?

प्रकाशसंश्लेषणाचा धडा शिकवताना एक वाक्य आपण सगळेच फळ्यावर लिहितो : 'सूर्यप्रकाशामुळे पाण्याचे अपघटन होऊन ऑक्सिजन मुक्त होतो.' विद्यार्थी ते वहीत उतरवून घेतात, परीक्षेत लिहितात आणि गुणही मिळवतात. पण राहुरी तालुक्यातल्या एखाद्या मुलीने हात वर करून विचारले, की "सर, आमच्या मुळा धरणावर दिवसभर ऊन असते, मग तिथले पाणी का नाही फुटत?", तर आपण काय उत्तर देऊ?

प्रश्न अगदी रास्त आहे. बारागाव नांदूरजवळच्या या धरणाचा साठा भरल्यावर सुमारे २६ टीएमसी असतो. एप्रिल-मे महिन्यांत नगरच्या बाजूचे ऊन काय असते, ते सांगायला नको. (२०२४ साली जिल्ह्याचे नाव अहिल्यानगर झाले, ऊन मात्र पूर्वीचेच आहे!) या उन्हाने धरणाचे पाणी तापते, त्याची वाफ होते, पातळी खाली जाते. पण त्यातून हायड्रोजन आणि ऑक्सिजनचे बुडबुडे येत नाहीत. त्याच धरणाच्या कालव्यावर भिजणाऱ्या उसाच्या पानात मात्र त्याच उन्हात तेच पाणी फुटते. म्हणजे फळ्यावरच्या आपल्या वाक्यात काहीतरी सांगायचे राहून गेले आहे.

ते काय, हे पाहण्यासाठी आधी शब्दाकडे पाहू. मूळ शब्द 'फोटोलिसिस'. ग्रीक भाषेत 'फोटो' म्हणजे प्रकाशाचा आणि 'लिसिस' म्हणजे सुटणे, मोकळे होणे. मराठीत यासाठी प्रकाश-अपघटन, प्रकाशीय विघटन, प्रकाश-विच्छेदन असे वेगवेगळे शब्द वेगवेगळ्या पुस्तकांत भेटतात. शब्द कोणताही घ्या, अडचण सारखीच राहते. विद्युत अपघटनात वीज पदार्थ फोडते, जल-अपघटनात पाणी पदार्थ फोडते, तसे प्रकाश-अपघटनात प्रकाश पदार्थ फोडतो, असा अर्थ विद्यार्थी सहज लावतात. शब्द तसेच सुचवतो. काही ठिकाणी हा सरळ अर्थ बरोबर ठरतो, काही ठिकाणी अर्धवट ठरतो, तर काही ठिकाणी चक्क दिशाभूल करतो.

जिथे तो बरोबर ठरतो असे परिचित उदाहरण म्हणजे चांदीचे क्षार. सिल्व्हर ब्रोमाइडवर प्रकाश पडला, की त्यापासून चांदी आणि ब्रोमीन वेगळे होऊ लागतात. फोटोग्राफीच्या जुन्या फिल्म आणि कागद यांवरच चालत. दहावीला अपघटन अभिक्रियेचे उदाहरण म्हणून आपण हेच देतो. पण त्यातला एक तपशील बहुधा सांगायचा राहतो. कृष्णधवल फोटो ज्या अंधाऱ्या खोलीत धुतले जात, ती खोली पूर्ण अंधारी नसे. तिथे लाल दिवा लावलेला असे आणि त्या उजेडात फोटोचा कागद खुशाल उघडा ठेवता येई. कारण सिल्व्हर ब्रोमाइड निळा-जांभळा प्रकाश शोषते, लाल प्रकाश शोषत नाही. आणि जो प्रकाश शोषलाच जात नाही, तो कितीही वेळ पडला तरी काही घडवू शकत नाही.

प्रकाशरसायनशास्त्राचा हा पहिला नियम. ग्रोथस या शास्त्रज्ञाने तो १८१७ साली मांडला. तो विसरला गेला आणि पुढे १८४० नंतरच्या काळात अमेरिकेत ड्रेपर यांनी स्वतंत्रपणे पुन्हा मांडला. नियम इतका साधा आहे, की तो नियम वाटतच नाही. तरी मुळा धरणाचे कोडे सोडवायला तोच उपयोगी पडतो.

पाण्याचा ग्लास उजेडात धरला, तर पलीकडचे स्वच्छ दिसते. म्हणजे दृश्य प्रकाश पाणी जवळजवळ शोषतच नाही. पाण्याचा रेणू फोडू शकेल असा प्रकाश पाणी शोषू लागते ते सुमारे १९० नॅनोमीटरपेक्षा कमी तरंगलांबीवर, म्हणजे दूरच्या अतिनील भागात. सूर्याच्या प्रकाशात असे किरण असतात, पण ते वातावरणात वरच अडतात. जमिनीपर्यंत पोचणाऱ्या उन्हात २९० ते ३०० नॅनोमीटरच्या खालचे किरण जवळपास नसतातच.

ऊर्जेचा हिशेब केला तरी उत्तर हेच येते. पाण्याच्या रेणूतला एक हायड्रोजन तोडून काढायला दर मोलला सुमारे ५०० किलोज्यूल लागतात. ३०० नॅनोमीटरच्या अतिनील प्रकाशाच्या एका मोल फोटॉनांत सुमारे ४०० किलोज्यूल असतात. जांभळ्या प्रकाशात (४०० नॅनोमीटर) सुमारे ३००. लाल प्रकाशात (७०० नॅनोमीटर) जेमतेम १७०. यावर हुशार विद्यार्थी विचारतील, की एका फोटॉनाने भागत नसेल तर तीन-चार फोटॉन मिळून का नाही फोडत? इथे साखरेच्या पोत्याचे उदाहरण द्यावे. एका माणसाला न उचलणारे पोते दहा जणांनी पाळीपाळीने येऊन ओढले, तरी ते जागचे हलत नाही. सर्वसाधारण उन्हात एका रेणूवर एका क्षणी एकच फोटॉन काम करतो. दुसरा येईपर्यंत पहिल्याने दिलेली ऊर्जा उष्णतेच्या रूपाने शेजारच्या रेणूंत वाटली गेलेली असते.

धरणाचे पाणी तापते ते या वाटून घेण्यामुळेच. वाफ व्हायला दर मोलला सुमारे ४४ किलोज्यूल पुरतात, कारण तिथे रेणू फुटत नाही, रेणू एकमेकांपासून फक्त सुटे होतात. बाष्पीभवन आणि अपघटन यांतला फरक मुलांना सांगायला ४४ आणि ५०० हे दोन आकडे फार उपयोगी आहेत.

मग पानाला हे कसे साधते? पानात प्रकाश शोषणारे पाणी नव्हे, हरितद्रव्य असते. हरितद्रव्याला लाल प्रकाश चांगला शोषता येतो. फोटॉन शोषल्यावर हरितद्रव्याच्या एका खास रेणूतून इलेक्ट्रॉन सुटतो आणि पुढच्या रेणूकडे जातो. हा रिकामा झालेला हरितद्रव्याचा रेणू इलेक्ट्रॉनसाठी इतका हपापलेला असतो, की तो शेजारच्या एका धातुयुक्त केंद्रातून इलेक्ट्रॉन ओढून घेतो. या केंद्रात मँगनीजचे चार अणू आणि कॅल्शियमचा एक अणू ऑक्सिजनच्या पुलांनी जोडलेले असतात. त्याची अणूगणिक रचना २०११ साली जपानी शास्त्रज्ञांनी उलगडली. असे चार वेळा इलेक्ट्रॉन गेले, की हे केंद्र आपली तूट पाण्याच्या दोन रेणूंकडून भरून काढते आणि ऑक्सिजनचा एक रेणू बाहेर पडतो. पोते उचलत नाही म्हटल्यावर ते उघडून चार खेपांत माल वाहून न्यावा, तसा हा प्रकार आहे.

चार खेपांची गोष्ट केवळ कल्पना नाही. १९६९ साली फ्रान्समध्ये पिएर जोलियो यांनी अंधारात ठेवलेल्या हरितलवकांवर प्रकाशाचे अत्यंत अल्प काळाचे झोत एकामागून एक टाकले आणि दर झोताला किती ऑक्सिजन निघतो ते मोजले. पहिल्या झोताला जवळजवळ काहीच निघाला नाही. तिसऱ्याला भरपूर, मग सातव्याला, मग अकराव्याला. म्हणजे दर चौथ्याला! पहिली पाळी चौथ्याऐवजी तिसऱ्यालाच का, याचाही उलगडा बेसेल कोक यांनी १९७० साली केला : अंधारात विसावलेले बहुतेक केंद्रे एक पायरी आधीच चढून बसलेली असतात.

आकड्यांनी हेही पडताळून पाहता येते. दोन मोल पाण्यापासून एक मोल ऑक्सिजन व दोन मोल हायड्रोजन मिळवायला किमान सुमारे ४७५ किलोज्यूल लागतात. ६८० नॅनोमीटरच्या लाल प्रकाशाचे चार मोल फोटॉन सुमारे ७०० किलोज्यूल देतात. अर्थात पान हायड्रोजन वायू सोडत नाही. प्रोटॉन आणि इलेक्ट्रॉन वेगवेगळे पुढे पाठवते. त्या इलेक्ट्रॉनांना आणखी वर चढवायला दुसऱ्या केंद्रावर आणखी चार फोटॉन खर्ची पडतात. तो वेगळा विषय आहे.

तेव्हा 'पाण्याचे प्रकाश-अपघटन' या शब्दप्रयोगात प्रकाश पाण्याला हातही लावत नाही. म्हणून हा शब्द कुठेही भेटला, की मी विद्यार्थ्यांना तीन प्रश्न विचारायला सांगेन : प्रकाश कोण शोषतो? फुटते कोण? आणि फुटून निघालेले कोण घेते?

तिसरा प्रश्न दुर्लक्षित राहतो, आणि त्यामुळे वर्गात एक गैरसमज मूळ धरतो. हायड्रिलाचा प्रयोग आपण दरवर्षी करतो. बुडबुडे कमी येत असले, तर चंचुपात्रात चिमूटभर खाण्याचा सोडा टाकतो. लगेच बुडबुडे वाढतात. सोड्यातून कार्बन डायऑक्साइड मिळाला आणि ऑक्सिजन वाढला. मग ऑक्सिजन कार्बन डायऑक्साइडमधूनच येत असणार, असे मुलांनी ठरवले तर त्यांना दोष देता येत नाही. मोठमोठ्या शास्त्रज्ञांचेही बराच काळ हेच मत होते. १९३७ साली इंग्लंडमध्ये रॉबर्ट हिल यांनी पानांतून वेगळ्या काढलेल्या हरितलवकांना कार्बन डायऑक्साइडऐवजी लोहाचा एक क्षार दिला आणि उजेडात ठेवले. ऑक्सिजन निघाला! हरितलवकांना इलेक्ट्रॉन घेणारा कोणीतरी हवा होता. तो लोहाच्या क्षाराने पुरवला. पानात शेवटी ते काम कार्बन डायऑक्साइड करतो. घेणारा नसेल तर इलेक्ट्रॉनांची वाट तुंबते आणि पाणी फुटणेही मंदावते. सोड्याने बुडबुडे वाढतात ते या कारणाने. पुढे १९४१ साली रूबेन, केमेन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी जड ऑक्सिजन असलेले पाणी शैवालाला देऊन बाहेर पडणारा ऑक्सिजन पाण्यातला असल्याचे दाखवले.

हीच गोष्ट गणितानेही दिसते. पुस्तकातले समीकरण कार्बन डायऑक्साइडचे ६ रेणू आणि पाण्याचे ६ रेणू घेऊन ऑक्सिजनचे ६ रेणू देते. ऑक्सिजनच्या ६ रेणूंत १२ अणू आणि पाण्याच्या ६ रेणूंत अवघे ६! सगळा ऑक्सिजन पाण्यातून येत असेल तर पाण्याचे १२ रेणू हवेत. ते लागतातच, शेवटी पाण्याचे ६ नवे रेणू तयार होतात आणि समीकरण लिहिताना दोन्ही बाजूंचे ६ कापले जातात. समीकरण चूक नाही, पण संक्षेप करताना नेमकी महत्त्वाची गोष्ट झाकली जाते. अकरावी-बारावीला तरी ते १२ रेणूंनी लिहावे, असे मला वाटते.

आता पुन्हा उसाकडे. हिरवे दिसले की पाणी फुटते, हे समीकरणसुद्धा ऊस मोडतो. उसाच्या पानात शिरांभोवती पेशींचे एक वेष्टन असते. त्या पेशींतली हरितलवके चांगली हिरवी असतात, प्रकाश शोषतात, साखर बनवण्याचे काम मुख्यतः तिथेच चालते. पण पाणी फोडणारी केंद्रे त्यांच्यात फार थोडी असतात. पाणी फुटते ते मुख्यतः बाहेरच्या पेशींत. साखरेकडे जाणाऱ्या वाटेवरच्या पहिल्या विकराला ऑक्सिजनचा उपद्रव होतो, त्यामुळे तो जिथे काम करतो तिथे ऑक्सिजन निर्माणच न करणे उसाच्या सोयीचे आहे. ज्वारी आणि मका यांचीही व्यवस्था अशीच. प्रवरा-मुळेच्या काठचा ऊस आणि जामखेड-कर्जतकडची ज्वारी, दोघांच्या पानांतली ही विभागणी एकाच तऱ्हेची आहे.

शब्दाचा अगदी सरळ अर्थ पाहायचा असेल तर आकाशाकडे जावे लागते. २४० नॅनोमीटरच्या आसपासचे आणि त्याहून कमी तरंगलांबीचे किरण वरच्या वातावरणात ऑक्सिजनचा रेणू थेट फोडतात आणि सुट्या अणूंपासून ओझोन बनतो. १९३० साली सिडनी चॅपमन यांनी ही मांडणी केली. त्याच्याही वर, साठ-सत्तर किलोमीटरवर आणि त्यापलीकडे, पाण्याची जी थोडी वाफ पोचते ती खरोखरच उन्हाने फुटते. मुळा धरण तिथे असते, तर आपल्या विद्यार्थिनीला वेगळे उत्तर द्यावे लागले असते.

प्रयोगशाळेत पानाची नक्कल करण्याचे प्रयत्नही याच शब्दाखाली येतात. १९७२ साली फुजिशिमा आणि होंडा यांनी टिटॅनियम डायऑक्साइडच्या विद्युतअग्रावर प्रकाश टाकून पाणी फोडल्याचे प्रसिद्ध केले. इथेही शोषणारे पाणी नव्हते, आणि त्या पांढऱ्या पदार्थाला मुख्यतः अतिनील प्रकाशच शोषता येतो. ऊन घ्यायचे आणि त्यातला थोडासाच भाग वापरायचा, असा हा व्यवहार. २०२१ साली जपानमध्ये याच जातीच्या दुसऱ्या एका पदार्थाचे १०० चौरस मीटरचे तक्ते उन्हात मांडून हायड्रोजन मिळवला गेला. उन्हातल्या ऊर्जेपैकी हायड्रोजनमध्ये साठलेला भाग जास्तीत जास्त ०.७६ टक्के होता. दृश्य प्रकाश शोषणारा, स्वस्त आणि टिकाऊ पदार्थ शोधण्यावर पुढचे सारे अवलंबून आहे.

शेतकऱ्याच्या भाषेत हा शब्द येत नाही, पण त्याचा फटका त्याला माहीत असतो. निंबोळी अर्काची फवारणी संध्याकाळी करावी, असे कृषी विद्यापीठांची माणसे सांगतात. अर्कातले अझाडिरॅक्टिन उन्हात लवकर नष्ट होते. सकाळी दहाला फवारले तर पैसे, पाणी आणि मेहनत यांचा बराचसा भाग उन्हाच्या पोटात जातो. हरभऱ्यावरच्या घाटे अळीसाठी जो विषाणू फवारतात, त्याचेही तेच. त्याच्या द्रावणात नीळ किंवा राणीपाल मिसळायला सांगतात ते कपड्यांसाठी नव्हे! ते अतिनील किरण स्वतः शोषतात आणि विषाणूला वाचवतात. पहिल्या प्रश्नाचा इतका व्यवहारी उपयोग दुसरा नसेल : शोषणारा दुसरा उभा केला.

पण विषाणूच्या बाबतीत 'अपघटन' हा शब्द काटेकोरपणे लागू पडत नाही. अतिनील किरणांनी डीएनएमधल्या शेजारशेजारच्या दोन थायमिनांत नवाच बंध तयार होतो आणि त्यामुळे डीएनएची नक्कल अडते. इथे तुटण्यापेक्षा जुळणेच घातक ठरते. शेतीच्या आणि प्रदूषणाच्या लिखाणात 'उन्हाने निकामी होणे' या ढोबळ अर्थाने हा शब्द वापरतात, हे ध्यानात ठेवलेले बरे. त्याच लिखाणात आणखी एक भेद येतो. जो रेणू प्रकाश शोषतो तोच फुटला तर ते थेट अपघटन. एकाने शोषला आणि दुसराच फुटला तर अप्रत्यक्ष.

हे दोन्ही प्रकार दुधात एकत्र पाहायला मिळतात, आणि आपला जिल्हा दुधाचा आहे. दुधात रिबोफ्लेविन, म्हणजे ब-२ जीवनसत्त्व असते. ते निळा प्रकाश शोषते आणि स्वतः फुटते. पारदर्शक बाटलीतले दूध दोन-तीन तास उन्हात राहिले, तर त्यातला मोठा भाग जातो. शिवाय जाता जाता ते शोषलेली ऊर्जा वापरून मेथिओनिन या अमिनो आम्लाचीही मोडतोड घडवते. त्यातून निघणाऱ्या पदार्थांमुळे दुधाला एक विचित्र वास येतो. संकलन केंद्राकडे धातूच्या किटलीतून जाणाऱ्या दुधाला हा धोका नाही. दुकानाबाहेर उन्हात मांडलेल्या पारदर्शक पिशवीला आहे.

रिबोफ्लेविनचा प्रयोग शाळेत सहज होतो. बी-कॉम्प्लेक्सच्या कॅप्सुलमधली पिवळी पूड पाण्यात ढवळा आणि गाळून घ्या. हिरवट झाक असलेले पिवळे द्रावण मिळेल. सारख्या चार काचेच्या बाटल्यांत ते भरा. पहिली उघडी ठेवा, दुसरीला निळ्या जिलेटीन कागदाचे दोन वेढे द्या, तिसरीला लाल कागदाचे, चौथी ॲल्युमिनियमच्या कागदात पूर्ण गुंडाळा. चारही बाटल्या एकाच परातीत पाणी घालून उन्हात ठेवा, म्हणजे तापमान सारखे राहील. तासा-दोन तासांनी कागद काढून पांढऱ्या कागदापुढे रंग ताडून पाहा. कोणती बाटली आधी फिकी पडेल आणि कोणती टिकेल, हे प्रयोगापूर्वी विद्यार्थ्यांकडून कारणासह लिहून घ्यावे. लाल कागद दृश्य प्रकाशातला निळा भाग अडवतो, पण काही कागद अतिनील थोडे सोडतात. त्यामुळे तिसरी बाटलीही किंचित फिकी झाली, तर प्रयोग फसला असे समजू नये. ती चौथ्या बाटलीशी ताडून पाहावी आणि त्या फरकाचे कारण मुलांनाच शोधू द्यावे.